वाद्यांचे कल्पित जनक

ज्या वस्तूचा कर्ता ठाऊक नसतो तिला कर्ता मिळवून दिल्यावाचून लोकांच्या मनास स्वस्थता लाभत नाही. आमच्या खानदेशात काळ्या दगडाचे, चुन्यावाचून रचलेले एखादे जुने देऊळ दिसले की ते हेमाडपंताने बांधले असे सांगण्यास कोणी क्षणाचाही विलंब लावीत नाही. चाळीसगावजवळील वाघळीच्या देवळातला शिलालेख शके ९९१ चा, म्हणजे इ. स. १०६९ चा आहे. हेमाद्री पंडित देवगिरीस मंत्रिपद भोगीत होता तो त्यानंतर सुमारे दोनशे वर्षांनी. तरीही आपल्या जन्मापूर्वीची देवळे बांधण्याचे सामर्थ्य लोकांनी हेमाडपंतास देऊन टाकले आहे. देवळाऐवजी लेणे असले तर ते पांडवांनी एका रात्रीत कोरले, हेही ठरलेलेच. ह्या दोन्ही समजुतींत एक गोष्ट समान आहे. कर्ता कल्पिला की त्याच्या हाती काळही द्यावा लागतो. अनेक पिढ्यांचे काम एका मनुष्याच्या नावावर मांडावयाचे, तर त्याच्यासाठी रात्र लांबवावी लागते, किंवा शतके आखडून घ्यावी लागतात.

वाद्यांच्या बाबतीत ही खोड विशेषच दिसून येते. तिचा विचार करण्याचा प्रसंग आमच्यावर एका विद्यार्थ्यामुळे आला, आणि तो प्रसंग आम्हांस फारसा भूषणावह नसला तरी वाचकांपासून लपवून ठेवण्याचे कारण नाही. गेल्या पावसाळ्यात आमच्या एका जुन्या विद्यार्थ्याने एक हस्तलिखित अभिप्रायासाठी आणून दिले. ते एका वाद्यकाराचे कल्पित चरित्र होते. तापीकाठी थाळनेर येथे फारुकी सुलतानांच्या अमदानीत राहणारा हा कारागीर अशी एक बीन तयार करतो की तिच्या एका विशिष्ट पडद्यावर तार दाबली असता काळ थबकतो. घंगाळात तरंगणारी घटिका बुडावयाची थांबते, मोटेचे पाणी धावेवर तसेच लोंबकळत राहते. पुढे अकबराच्या फौजा अशीरगडास वेढा घालतात, सुलतान त्यास पहाट लांबविण्याची आज्ञा करतो, आणि त्या ओढाताणीत पडदा तुटून त्या कारागिराची उरलेली सर्व वर्षे एका क्षणात त्याच्या अंगावर कोसळतात. भाषा बरी होती, शेवट तर चांगलाच होता. परंतु आम्ही त्यास म्हणालो, “हे सारे कल्पित आहे. तुला वाद्यकाराचेच चरित्र लिहावयाचे तर खरे लिही. ज्याने सतार निर्माण केली त्या अमीर खुस्रोचे लिही.” विद्यार्थी काही न बोलता हस्तलिखित घेऊन गेला. महिन्याभराने तो परत आला आणि अत्यंत नम्रपणे त्याने विचारले, “सर, खुस्रोने सतार केली हे कोठे लिहिले आहे?”

आम्हांस उत्तर देता आले नाही. तीस वर्षे जी गोष्ट आम्ही वर्गात सहज बोलून गेलो होतो तिला आधार शोधण्याची आम्हांस कधी गरजच वाटली नव्हती. शोध घेतल्यावर जे हाती आले ते असे.

अमीर खुस्रो (१२५३–१३२५) हा थोर कवी होता आणि संगीताचा जाणकारही होता, ह्याविषयी शंका नाही. त्याने विपुल लिहिले आहे. १३१८ साली पूर्ण झालेल्या ‘नुह सिपिहर’ ह्या काव्यात त्याने हिंदुस्थानच्या संगीताची मुक्तकंठाने स्तुती केली असून त्या सुरांनी हरिणेही मोहून जातात असे म्हटले आहे. ज्या मनुष्याने आपल्या विद्वत्तेविषयी लिहिताना कोठे संकोच केला नाही, त्याने आपण एक नवे वाद्य निर्माण केल्याचे मात्र कोठेही सांगितलेले नाही. सतार हे नाव दिल्लीच्या संगीतात ठळकपणे पुढे येते ते अठराव्या शतकात, महंमदशहाच्या काळात. आणि त्या सुमारास सदारंगाच्या कुटुंबात खुस्रोखान नावाचा एक वादक होता, त्याच्याशी ह्या वाद्याचा संबंध आधुनिक संशोधक जोडतात. एका खुस्रोचे काम चारशे वर्षे मागे सरकून दुसऱ्या खुस्रोच्या नावावर गेले. १८३४ साली कॅप्टन विलर्डने आपल्या इंग्रजी ग्रंथात ते थोरल्या खुस्रोच्याच नावे नोंदविले. आणि इंग्रजीत छापले गेले म्हणजे ते खरेच असावे अशी ज्यांची समजूत असते, त्या आमच्यासारख्या पदवीधरांनी ते डोळे मिटून स्वीकारले. तबल्याची कथाही ह्याच घराण्यातली. पखवाज मधोमध कापला आणि त्याचा तबला झाला, व कापणारा पुन्हा खुस्रोच! ज्याने पखवाजाचे खोड एकदा तरी हातात धरले आहे त्यास, ते कापल्यावर दोन वाद्ये न होता दोन निरुपयोगी भांडी उरतील, हे सांगावयास नको.

ह्या कथांची ऐतिहासिक किंमत काय हा एक प्रश्न. वाङ्मय म्हणून त्यांची किंमत काय हा दुसरा. आम्हांस येथे मुख्यतः दुसऱ्याचा विचार करावयाचा आहे. कारण कथा खोटी असणे हा काही वाङ्मयातला अपराध नव्हे. तसे असते तर निम्मे साहित्य शिक्षेस पात्र ठरले असते.

खुस्रोविषयीच्या कथांत महाराष्ट्राशी निगडित असलेली एक प्रसिद्ध कथा आहे. देवगिरीचा गोपाल नायक हा अलौकिक गायक अल्लाउद्दीन खिलजीच्या दरबारी गेला. त्याच्याशी सामना देणे कठीण, हे जाणून बादशहाने खुस्रोस सिंहासनाखाली लपवून ठेवले. गोपालाने काही दिवस आपले गाणे सादर केले. ते सारे खुस्रोने लपून ऐकले, आणि मग प्रकट होऊन ‘हे तर माझेच’ असे म्हणत जसेच्या तसे गाऊन दाखविले. १६६६ च्या सुमारास फकीरुल्लाने लिहिलेल्या ‘रागदर्पण’ ह्या फारसी ग्रंथात ही हकीकत आहे. म्हणजे कथित प्रसंगानंतर साडेतीनशे वर्षांनी! ही कथा खुस्रोच्या गौरवासाठी सांगितली जाते, ह्याचे आम्हांस नेहमी नवल वाटत आले आहे. तिच्यातला नायक करतो काय? लपतो, ऐकतो आणि दुसऱ्याचे आपले म्हणून सांगतो. ज्या दरबाराने देवगिरीचे द्रव्य नेले त्याच दरबाराने देवगिरीचे गाणेही कसे नेले, ह्याचे हे अजाणता दिलेले कबुलीपत्र आहे असे कोणी म्हटल्यास त्यास आम्ही फारसा विरोध करणार नाही. तथापि कथा म्हणून ती हिणकसच. तिच्यात गाण्याचे वर्णन नाही, ऐकणाऱ्याच्या मनात काय चालले असेल त्याचा मागमूस नाही, आणि एकदा ऐकून गाणे आत्मसात करणे म्हणजे काय असते ह्याची तर कथाकारास कल्पनाही दिसत नाही. वर्षानुवर्षांची तालीम चार दिवसांत आटोपली, एवढाच तिचा चमत्कार.

तानसेनाची कथा ह्याहून सरस आहे. अकबराने भर दुपारी त्यास रात्रीचा राग गावयास सांगितला. तानसेनाने स्वर लावताच अंधार पडला, आणि तो अंधार राजवाड्याभोवती जेथवर त्याचा आवाज पोहोचत होता तेथवरच पसरला. अठराव्या शतकाच्या अखेरीस औस्ली नामक इंग्रज पंडिताने ही आख्यायिका टिपून ठेवली आहे. तिच्यातली शेवटची अट फार मार्मिक आहे. आवाज जेथवर, रात्र तेथवर! ज्या कोणी ती अट घातली त्याने गाणे खरोखर ऐकले असले पाहिजे. उत्तम मैफिलीत घटकाभर असाच अनुभव येतो, आणि बाहेर पायरीवर येताच रस्त्यावरचे ऊन डोळ्यांना खुपते. येथे चमत्कार आहे, पण तो अनुभवाच्या मर्यादेने बांधलेला आहे. कल्पित कथेने सत्याचे ऋण फेडावयाचे ते असे.

परंतु काळ वाकविणाऱ्या यंत्राची सर्वांत सुंदर कथा आमच्या दृष्टीने संगीतातली नसून गणितातली आहे, आणि तिचा धागा ह्याच मुलखात येऊन पोहोचतो. भास्कराचार्याने आपली कन्या लीलावती हिच्या विवाहाचा एकच शुभ क्षण गणिताने काढला. पाण्यावर घटिकापात्र ठेवले. पात्राच्या तळाशी असलेल्या बारीक छिद्रातून पाणी आत शिरते, चोवीस मिनिटांनी ते भरून बुडते, आणि मग घटिका भरली असे म्हणतात. खानदेशातल्या लग्नांतूनही ही घटिका घालण्याची पद्धत होती. लीलावती कुतूहलाने पात्रात डोकावली, तिच्या अलंकारातला एक मोती गळून आत पडला आणि छिद्रावर जाऊन बसला. पाणी थांबले, घटिका भरलीच नाही, बाहेरचा काळ मात्र निघून गेला. तेव्हा पित्याने तिच्या नावाचा ग्रंथ रचून तिला दुसऱ्या प्रकारचे आयुष्य दिले.

ही कथा येते ती अकबराच्या पदरी असलेल्या फैजीने १५८७ साली केलेल्या लीलावतीच्या फारसी भाषांतरात. मूळ ग्रंथ ११५० चा. भास्कराचार्याच्या ग्रंथात लीलावतीस उद्देशून प्रश्न आहेत; परंतु ती आपली कन्या आहे असे त्याने सांगितलेले नाही, आणि इतर प्रश्न कधी सख्यास तर कधी गणकास विचारलेले आहेत. चाळीसगावजवळ पाटण येथे भास्कराचार्याचा नातू चांगदेव ह्याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ काढला. त्याचा शके ११२८ चा, म्हणजे १२०७ च्या सुमाराचा शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणून १८६५ साली प्रसिद्ध केला. त्यात घराण्याची वंशावळ आहे. भास्कर, त्याचा पुत्र लक्ष्मीधर, त्याचा पुत्र चांगदेव. लीलावतीचे नाव नाही. लेखाच्या अखेरच्या ओळी मराठीत असून त्यांत मठास कोणत्या मालावर काय द्यावे ह्याचा हिशेब आहे. मोत्याची गोष्ट शाळेतल्या पोरांनाही ठाऊक असते. परंतु एका गणिती ग्रंथाच्या अध्यापनासाठी बाजारातल्या मालातून हिस्सा लावून देणारी माणसे आपल्याच जिल्ह्यात होऊन गेली, हे किती जणांस ठाऊक आहे?

इतके असूनही मोत्याची कथा टाकून द्यावी असे आम्हांस वाटत नाही. आणि त्याचे कारण ती सुंदर आहे एवढेच नव्हे. ज्याने ती रचली त्यास यंत्र समजले होते. घटिकापात्राचे सारे मर्म त्या एका छिद्रात आहे, ते किंचित बुजले की काळ चुकतो, हे त्याने पाहिले होते. भास्कराचार्याने स्वतः सिद्धान्तशिरोमणीच्या यंत्राध्यायात शंकू, घटी, चक्र, फलक इत्यादी यंत्रांचे वर्णन करून शेवटी ह्या सर्वांहून धीयंत्र, म्हणजे बुद्धी हेच यंत्र, श्रेष्ठ ठरविले आहे. बाहेरची यंत्रे दगा देतात, हे तो जाणून होता. फैजीच्या कथेतला मोती भास्कराच्या आयुष्यात पडला नसेल. त्याच्या विचारात मात्र तो चपखल बसतो. चांगल्या आख्यायिकेची कसोटी हीच, की खोट्या प्रसंगातून तिला खऱ्या मनुष्याच्या विचाराचा माग लागलेला असतो. हाच फैजी पुढे १५९१ साली अकबराचा वकील म्हणून खानदेशच्या राजा अलीखानाकडे आला होता, हा योगायोगही येथे नमूद करून ठेवावासा वाटतो.

आता ज्याची आख्यायिका झालीच नाही अशा मनुष्याकडे वळू. विद्यार्थ्याने आपला कल्पित वाद्यकार ज्या फारुकी राज्यात जन्मास घातला, त्याच राज्यात सोळाव्या शतकात पुंडरीक विठ्ठल नावाचा एक खराखुरा संगीतशास्त्री येऊन राहिला होता. तो कर्नाटकातील सातनूरचा. खानदेशच्या बुऱ्हाणखान फारुकीच्या आश्रयास असताना त्याने ‘सद्रागचंद्रोदय’ हा संस्कृत ग्रंथ लिहिला. नंतर तो उत्तरेस गेला. ‘रागमाला’ १५७६ साली पुरी केली, कछवाह्यांच्या आश्रयाने ‘रागमंजरी’ लिहिली, आणि अकबराच्या संतोषार्थ ‘नर्तननिर्णय’ रचला. एका कन्नडभाषी ब्राह्मणाने, खानदेशच्या मुसलमान सुलतानासाठी, संस्कृत भाषेत, उत्तर व दक्षिण ह्या दोन्ही संगीतांचा मेळ घालण्याचा प्रयत्न केला, हे चित्र कोणत्याही कादंबरीहून कमी रम्य नाही. विष्णु नारायण भातखंडे यांनी त्याचे ग्रंथ विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात छापून काढले नसते, तर तोही हस्तलिखितांच्या बासनातच राहिला असता.

पुंडरीकाच्या ग्रंथात चमत्कार नाहीत, काम आहे. सद्रागचंद्रोदयाच्या तीन भागांस त्याने ‘प्रसाद’ म्हटले आहे. त्यांत स्वर, मेल आणि आलाप ह्यांचा क्रमाने विचार येतो. एकोणीस मेलांत तो राग बसवितो. वीणेवर पडदे कोठे बांधावे, एकाच पडद्यावर निरनिराळ्या तारांतून कोणते स्वर निघतात, हा त्याचा खरा प्रश्न आहे. उत्तरेत गेल्यावर रागमंजरीत तो फारसी रागांची नावे आपल्या रागांशेजारी मांडतो: कल्याणाजवळ यमन, बिलावलाजवळ सर्पर्दा. ह्यात कोठेही ‘हे मी निर्माण केले’ असा आव नाही. लोक काय गातात ते त्याने ऐकले, बोटाने पडदा मागेपुढे करून पाहिले, आणि लिहून ठेवले. कदाचित म्हणूनच त्याची आख्यायिका झाली नाही. ज्याच्याजवळ सांगण्यासारखे काम असते त्याच्या वाट्याला कथा येत नाही, आणि ज्याच्या कामाचा पुरावा नसतो त्याच्याभोवती कथांची दाटी होते, असा काहीसा अन्याय ह्या प्रांतात चालू आहे.

पडदा मागेपुढे करण्याने काय घडते, हे मात्र कोणत्याही आख्यायिकेहून आश्चर्यकारक आहे. भैरव थाटाचे स्वर घ्या. रिषभ व धैवत कोमल, गांधार व निषाद शुद्ध, आणि मध्यम शुद्ध. ही पहाटेची वेळ. आता बाकीचे सहा स्वर होते तेथेच राहू द्या व एकट्या मध्यमास शुद्धाच्या जागेवरून तीव्राच्या जागेवर न्या. हा झाला पूर्वी थाट, आणि ही संध्याकाळ. प्रातःकाळ व सायंकाळ ह्यांच्यामध्ये एका पडद्याचे अंतर! भातखंड्यांनी मध्यमास मार्ग दाखविणारा स्वर मानले ते ह्याच कारणाने. आमच्या विद्यार्थ्याच्या कथेतला, काळ थांबविणारा तो पडदा शोधण्यास थाळनेरला जाण्याची गरज नव्हती. तो प्रत्येक सतारीवर बांधलेला आहे. अर्थात दिवस लाकडात किंवा तारेत नसतो, तो ऐकणाऱ्याच्या कानात असतो. कर्नाटक संगीतात वेळेचा निर्बंध इतका कडक नाही, आणि म्हणून तेथील श्रोत्यास तोच मध्यम सूर्यास्ताकडे नेईलच असे नाही. आपल्या पूर्वजांनी कित्येक पिढ्या एकाच वेळी एकच राग ऐकून आपल्या कानात एक घटिकापात्र बसविले आहे. वाद्य त्यावर केवळ टोला देते.

ह्याच्या उलट, ज्यांचे नाव व काम दोन्ही नोंदलेले आहे अशा संशोधकांचाही दाखला घ्यावयास हवा. कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी १९१० साली बावीस श्रुतींवर पुस्तक प्रसिद्ध केले, आणि त्यांनी व सिव्हिल सर्व्हिसमधील अर्नेस्ट क्लेमेंट्स यांनी मिळून श्रुतींची पेटी तयार करविली. मोजमाप काटेकोर होते, तळमळ खरी होती. तरी ती पेटी रुजली नाही. गवयाची श्रुती एका जागी बसून राहत नाही. ती कोणत्या स्वराकडून आली आणि कोणत्या स्वराकडे निघाली ह्यावर तिची जागा ठरते. पेटीतील पत्तीस हा प्रवास करता येत नाही. देवलांच्या चरित्रात चमत्कार नसून एक प्रामाणिक अपयश आहे. आणि आमच्या मते कल्पित जनकांच्या चरित्रांत जी गोष्ट हमखास नसते ती हीच. खुस्रोचा प्रयोग कधी फसत नाही. पहिल्याच घावात पखवाज दुभंगतो आणि पहिल्याच बोलात तबला वाजू लागतो. ज्यास अपयश ठाऊक नाही असा कारागीर आम्ही तरी पाहिलेला नाही.

काळ वाकविणारे वाद्य खरोखर कोणते असेल तर ते तंबोरा होय, असे आम्ही म्हणू. तंबोऱ्याच्या घोडीचा पृष्ठभाग सपाट नसून अत्यंत मंद उताराचा असतो. तार त्या उतारावर टेकते, कंप पावताना किंचित पुढे, किंचित मागे टेकत राहते, आणि घोडी व तार ह्यांच्यामध्ये सूत घालून ते योग्य जागी सरकविले की एका आघातातून स्वरांची एक मालिका उलगडू लागते. आघात क्षणात संपतो. परंतु त्याच्या पोटातले सूर एकामागून एक, जणू रांगेत उभे राहून, बाहेर येतात. ह्यासच जवारी म्हणतात. १९२१ साली चंद्रशेखर व्यंकट रामन यांनी वीणा व तंबोरा यांच्या तारांचा अभ्यास करून दाखविले की, तार ज्या बिंदूवर छेडली असता पाश्चात्त्य शास्त्राच्या नियमाप्रमाणे काही उपस्वर मुळीच उमटू नयेत, तेथे छेडूनही ते ह्या घोडीमुळे स्पष्ट उमटतात. ज्या कारागिराने हा उतार पहिल्याने घासला त्यास हा नियम ठाऊक नव्हता, आणि आपण तो मोडला हेही ठाऊक नव्हते. त्याचे नाव काय? कोणासही ठाऊक नाही. एवढ्या मोठ्या शोधास कोणी खुस्रोही चिकटविलेला नाही. कदाचित तो इतका बारीक आहे की कथाकाराच्या दृष्टीस तो पडलाच नाही. कथाकारास खुंट्या दिसतात, भोपळा दिसतो, घोडीवरचा उतार दिसत नाही.

महाराष्ट्रात ह्या कसबाचे माहेरघर मिरज. तलवारींस धार लावणाऱ्या शिकलगार घराण्यांनी एकोणिसाव्या शतकात तेथे तंबोरे व सतारी घडविण्यास आरंभ केला. फरीदसाहेबांचे नाव त्यांत अग्रभागी घेतले जाते. २०२४ साली मिरजेच्या सतारीस व तंबोऱ्यास भौगोलिक मानांकन मिळाले. म्हणजे सरकारदरबारीसुद्धा श्रेय अखेर गावास मिळाले, एका मनुष्यास नाही, आणि हे आम्हांस योग्यच वाटते. जवारी काढणारा कारागीर घोडी घासतो, तार चढवितो, ऐकतो, तार उतरवितो, पुन्हा घासतो. एक घासणी अधिक झाली की सारा उतार नव्याने करावा लागतो. ह्या कामात काळ कोठेही वाकत नाही. तो सरळ आणि सावकाशच जातो. तो तसा जातो म्हणूनच तयार वाद्यातून तो लांबल्यासारखा वाटतो.

ह्या सर्व विचारानंतर आम्ही ते हस्तलिखित मागवून पुन्हा वाचले. आमचा पहिला आक्षेप चुकीचा होता हे प्रथम कबूल केले पाहिजे. चरित्र कल्पित आहे हा त्याचा दोष नव्हे. आम्ही खरे म्हणून जे सुचविले ते त्याहूनही कल्पित होते, आणि त्याने निदान तसे पहिल्या पानावर सांगून ठेवले होते. जी कल्पना स्वतःस कल्पना म्हणविते ती निरुपद्रवी. जी इतिहासाचा अंगरखा घालून वर्गात शिरते ती खऱ्या मनुष्यांच्या जागा अडविते. खुस्रोचे नाव घेतले की प्रश्न मिटतो, आणि प्रश्न मिटला की पुंडरीकाचे पुस्तक कोणी उघडीत नाही व मिरजेच्या कारागिरास कोणी काही विचारीत नाही. आम्ही तीस वर्षे विद्यार्थ्यांचे प्रश्न असेच मिटवीत आलो, ही गोष्ट वय झाल्यावर ध्यानात येणे सुखाचे नाही.

हस्तलिखितात दोष आहे, पण तो निराळा आहे. त्यातला वाद्यकार बीन घडवितो ती अडीच ओळींत. लाकूड कोठून आणले, ते किती पावसाळे वाळविले, पहिली दांडी पिळवटली तेव्हा तो काय म्हणाला, पडदा मेणात बसविताना तो कितीदा चुकला, ह्यांतले काहीही तेथे नाही. एका रात्रीत लेणे कोरणाऱ्या पांडवांचाच तो भाऊबंद. काळ थांबविणारा पडदा आम्ही आनंदाने मान्य करू; परंतु तो बसविण्यास त्या बिचाऱ्यास निदान वीस वर्षे लागू द्यावीत. मग सुलतानाची आज्ञा आणि तुटलेला पडदा ह्यांचे दुःख वाचकास खरे वाटेल, कारण काय तुटले ते त्याने घडताना पाहिलेले असेल. शेवटी त्याची सारी वर्षे एकदम अंगावर येतात, ही कल्पना उत्तम आहे. मात्र ती वर्षे आधी कोठेतरी खर्च झालेली दिसली पाहिजेत.

हे सर्व आम्ही विद्यार्थ्यास सांगितले. त्याने ते शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, “सर, मग मिरजेला जाऊन येऊ का?” आम्ही त्यास ‘सद्रागचंद्रोदया’ची आमच्याजवळ असलेली प्रत दिली, आणि येताना जवारी काढताना जे पाहशील ते आधी आम्हांस सांग, असे म्हटले, कारण ती कशी काढतात हे आम्ही आजवर पुस्तकातूनच वाचले आहे.